निम्मं

भामेच्या काठाला साडेतीन एकर,
अर्धलीनं.
जमीन आणि विहीर कडूसकर सरांची.
बैल आमचे, राबणं आमचं,
बी निम्मं, खत निम्मं.
गारा पडल्या तर त्या सगळ्या आमच्या,
भरपाई मात्र सातबारा बघून
निगडीच्या बँकेत जायची.

कांदा काढला की बाप दोन ढीग घालायचा.
रीत अशी, की घालील त्यानं उचलायचं नाही.
सर स्कूटरवरून यायचे,
रुमालानं चष्मा पुसायचे,
ढिगांभोवती एक फेरी,
मग बोट.
राहिला तो आमचा.

मी सातवीत होते.
बोट दाखवून झालेलं, टेंपो सकाळी येणार होता.
रात्री ताडपत्रीखाली हात घालून
त्यांच्यातले अकरा कांदे आमच्यात टाकले.
उजाडता उजाडता बाप नुसता उभा राहिला ढिगापाशी,
म्हणाला, हा बसलाय.
मारलं नाही.
अकरा परत टाकायला लावले,
बारावा स्वतः टाकला, चांगला मुठीएवढा.
आई म्हणाली, तो कशापायी?
हात लागल्याचा, म्हणाला.

तेव्हापासून बघते,
भाकरी मोडली तरी आधी दोन तुकडे,
मोठा ताटाच्या कडेला.
चाकणच्या डॉक्टरनं सांगितलं, गोळी अर्धीच घ्या,
तर विचारतो कसा,
आणि उरलेली कुणाची?

मग कंपनीसाठी मोजणी आली.
साखळी धरायला माणूस कमी होता,
बापानं धरली.
बांध कुठं वाकतो, दगड कुठं पुरलाय,
सगळं यानंच दाखवलं.
कागदावर लिहिता लिहिता साहेबानं विचारलं,
तुम्ही कोण?
बाप जरा थांबला.
मी इथं असतो, म्हणाला.

पैसे झाले त्या आठवड्यात सर आले,
या वेळी गाडीतून.
पाव किलो पेढे, वर गुलाबी दोरा.
म्हणाले, तुमचेही कष्ट आहेत यात.
बापानं दोरा सोडला, गुंडाळून खिशात ठेवला,
पुड्याचा कागद ओट्यावर पसरला
आणि ढीग घातले.
तेरा निघाले.
सहा, सहा,
तेरावा नखानं मधोमध मोडला,
भुगा पडला तोही बोटानं दोन्हीकडं सारला
आणि मागं सरून उभा राहिला.

सर हसले.
मग हसायचे थांबले.
चष्मा काढला, पण रुमाल सापडेना.

आई चुलीपुढून न उठता म्हणाली,
उचला, सर.