ठिगळाचं गोड

ठकूबाई झोरे जांबोटीच्या पहिल्या बसनं येते.
डोक्यावर पाटी, पाटीत ऐनाची पानं,
पानांखाली करवंदं.
"घे गे बाई, काल सांजंचीच तोडल्यात,"
आणि मापटं भरताना
अंगठा आत घालत नाही.
म्हणून मी तिच्याकडूनच घेते.
शेजारची कस्तुरक्का त्यांना कवळीहण्णू म्हणते
आणि माझ्यापेक्षा दोन रुपये कमी देते.

कृती ब्रिजिट बाईंची.
कॅम्पात त्यांच्याकडे अकरा वर्षं भांडी घासली मी.
नर्स होत्या, गुडघे गेले,
मग स्टुलावर बसून नुसतं सांगायच्या:
लोणी गार हवं. बोटं गार हवीत.
मळू नको ग, चोळ.
मळायचं नाही,
हे माझ्या हातांना पटायला
एक अख्खा उन्हाळा गेला.

नाव विचारलं तर म्हणाल्या, कॉबलर.
लेकीनं शाळेच्या डिक्शनरीत शोधलं.
बोट ठेवलं, माझ्याकडं बघितलं,
परत बोटाकडं.
"आई, इथं चपला शिवणारा असं दिलंय."

हसले मी. खूप हसले.
मग निपाणीचं दार आठवलं.

दारात आप्पा, मांडीवर रापी,
बाजूला कातडं भिजवलेलं कुंड.
कुंडाचा वास माझ्या दप्तराला येतो म्हणून
वर्गात मागचा बाक आणखी मागं सरकायचा.
गिऱ्हाईक जोड हातात घेऊन
उलटसुलट करून बघायचं,
करकर वाजतो का म्हणून कानाशी न्यायचं,
पैसे मात्र वरून टाकायचं.
आमच्या हातचं पाणी नाही चालायचं.
आमच्या हातची चप्पल
पार कोल्हापूरपर्यंत चालायची.

त्या नावाचं एक गोड असतं, आप्पा.
साहेबलोक बशीत घेऊन खातात.
हे तुम्हाला सांगायचं राहिलं.

आज रविवार.
करवंदं चिरली, बिया काढल्या,
चीक बोटांना धरून बसला, तेल लावून सोडवला.
गूळ. चिमूट मीठ. आलं बाईंच्या कृतीत नव्हतं,
माझ्यात आहे.
ओव्हन नाही. कुकरची शिट्टी काढली, रिंग काढली,
तळाला वाळू,
समोरच्या बांधकामावरची, विचारून आणलेली.

पिठाचे तुकडे हातावर थापले
आणि फळावर एकेक ठेवू लागले तेव्हा
बोटांनी आपोआप कडा पातळ केल्या.
आप्पा ठिगळ लावायच्या आधी
कातड्याची कड अशीच तासायचे.
"सांधा दिसू दे," म्हणायचे,
"लपवलेला सांधा
पहिल्या चिखलात उसवतो."

मी सांधे उघडे ठेवले.

अर्ध्या तासानं त्यातून रस वर आला,
काळपट जांभळा, बुडबुड करत,
ठिगळाच्या कडेनं वाट काढत.
घरभर वास.
लेक पुस्तक टाकून आली,
पुन्हा गेली, पुन्हा आली.
एक कड करपली. वाळू एका बाजूला
जास्त झाली असणार.

कस्तुरक्का वासावरच आली, वाटी घेऊनच आली.
दोन चमचे खाल्ले तिनं, तिसऱ्याला विचारलं,
"येन हेसरु? नाव काय ह्याचं?"

लेकीनं माझ्याकडं बघितलं.
केक म्हणून सांगितलं असतं तर चाललं असतं.
मी नाव सांगितलं.
मग अर्थ सांगितला.
मग निपाणीचं दार, आप्पांचं नाव,
रायाप्पा, हेही सांगितलं,
इतक्या वर्षांत भिंतीला भिंत असून
न सांगितलेलं.

चमचा वाटीत थांबला.
बाहेर कुणीतरी स्कूटर चालू करत होतं,
ती होत नव्हती.

मग कस्तुरक्का वाकली,
कुकरात डोकावली,
म्हणाली,
"ती करपलेली कड
कुणी घेणार आहे का?"