माप

साहेबांनी विचारलं, शर्ट कसला?
मी म्हटलं, निळा.
आता निळा कुठनं आला ते सांगता यायचं नाही.
पापाच्या तिकटीला रात्री पावणेनऊला
दिव्याखाली सगळेच शर्ट एका रंगाचे होतात.

मी खाली बसणारा माणूस.
तीस वर्षं माणसं घोट्यापासनं खाली बघितली.
हुंडेकर पडला तेव्हा मला दिसले
चार पाय,
मग पळणारे दोन.
कर्रकर्र नव्हती, म्हणजे रबरी तळवा.

एवढंच माझं.
बाकीचं चहाच्या गाड्यावर जमलं.
पहिल्या दिवशी तो नुसता उंच होता,
रविवारपर्यंत त्याला मिशी फुटली.
मन्सूर म्हणाला, कपाळावर खोक होती नव्हं?
म्हटलं, व्हय की.
म्हटल्यावर दिसायलाच लागली.
दरवेळी सांगताना एक टाका जास्त पडायचा,
आणि भिजवलेलं चामडं
ओढाल तिकडं येतं.

कळंब्याच्या जेलात सहाजण उभे केले.
पाच परके.
सहाव्यापाशी छातीत धस्स झालं,
हा चेहरा मी बघितलाय.
बोट आपसूक वर गेलं.
कुठं बघितलाय, हे कुणी विचारलं नाही.
मीही नाही.

बावड्याच्या कोर्टात वकील म्हणाला, खात्री आहे?
आईच्यान, म्हटलं.
खोटं बोलत नव्हतो. तेच तर.

बुचड्यांचा विनायक. जन्मठेप.
निकालाला त्याची बायको भिंतीला टेकून होती,
तिच्या चपलेचा अंगठा तुटलेला,
पिन लावलेली.
तोंड आठवत नाही.

परवा फळी झाडताना मापाची जुनी वही पडली.
पेन्सिलीनं ओढलेला पाय,
डाव्या करंगळीला कुरूप,
खाली माझंच अक्षर:
वि. बुचडे, कापशी, विंचू घालून,
नऊ नंबर, दोनशे जमा.
तारीख त्या रात्रीच्या सतरा दिवस आधीची.
"जरा सैल ठेवा, मामा," म्हणाला होता,
आणि मी मान वर केली होती.
एकदाच.

जोड तयार आहे.
खिळ्याला टांगलाय, न्यायला कोण येणार.
दुकान बंद केल्यावर दोन्हीत हात घातले
आणि फरशीवर चालवून बघितले.
कर्र. कर्र.
त्या रात्री हा आवाज नव्हता.
एवढं तरी पक्कं,
असं म्हणतोय
तोवर तो
गल्लीच्या टोकाकडनं यायला लागला.