घर ओढलं तेव्हा

आमच्या चिलोए बेटावर घर हलवायचं म्हणजे
सामान नाही, घरच हलवतात.
लाकडी खवल्यांच्या भिंती, खिडक्या, उंबरठ्यासकट.
खाली ओंडके सारायचे, पुढे बैल जुंपायचे,
गावाला हाक द्यायची.
पैसे कोणी घेत नाही.
जेवण मात्र पोटभर घालावं लागतं.

एदेलमिराचं घर हललं तेव्हा मी अकरा वर्षांचा होतो.
तिचा मी कोणी नव्हतो.
बटाट्याच्या काढणीपुरतं मला एका बोटीतून आणलं होतं,
काढणी संपली, बोट न्यायला आलीच नाही.
तिने विषय काढला नाही,
मीही आठवण करून दिली नाही.
मागच्या खोलीत लोकरीच्या पोत्यांवर झोपायचो.
सकाळी ती दोन पाव भाजायची,
एक माझ्याकडे सरकवत म्हणायची, "हा करपलाय, तू खा."
करपलेला पाव मी त्या घरात एकदाही खाल्ला नाही.

रुदेसिंदो खाडीपलीकडचा. होड्या बांधायचा.
सात वर्षं दर रविवारी वल्हवत येई,
शिंपल्यांची बादली पायरीवर ठेवी,
टोपी हातात घेऊन तेच विचारी.
ती म्हणे, "मी हे घर सोडणार नाही."
सातव्या वर्षी तो म्हणाला,
"मग नको ना सोडूस. घेऊन ये."
ती हसली.
तिचा एक दात अर्धा आहे, हे मला त्या दिवशी कळलं.

बैलांच्या सोळा जोड्या. दोर, आरोळ्या, चिखल.
घर आधी करकरलं, मग बसलेल्या गाईसारखं
मागचा भाग आधी उचलून उठलं
आणि निघालं.
मी मागेच उभा.
घराला पाठ असते हे तोवर ठाऊक नव्हतं.
जिथे ते होतं तिथे पिवळं पडलेलं गवत,
खांबांचे खड्डे, आणि एक चमचा.
चमचा उचलून खिशात घातला.
विसरलेल्यांनी एकमेकांना धरून राहावं, तसा.

पाण्याच्या काठाशी घर थांबलं, भरतीची वाट बघत.
दारात ती आली, कपाळाला हात लावून मागे बघू लागली.
"अरे ए, अनसेल्मो! मांजर कोण धरणार? मी?"
मांजर तिच्याच कडेवर होतं.

धावलो. गुडघाभर पाण्यातून उंबरठा चढलो.

मग घर तरंगलं.
चार होड्या ओढत होत्या. पहिलीत रुदेसिंदो,
सारखा मान वळवून बघत होता:
घर बुडतंय का बघत होता, की ती खिडकीत आहे का,
कोण जाणे.
स्वयंपाकघरात घोटाभर पाणी,
टेबलाखालून एक मासा सरळ न्हाणीकडे गेला.
"चला," ती म्हणाली, "जमीन पुसायचं वाचलं."
मांजराने मला ओरबाडलं. मी सोडलं नाही.

पलीकडे घर उलटं लागलं.
दार समुद्राकडे हवं होतं, ते डोंगराकडे आलं.
रुदेसिंदो घामाघूम, "फिरवू का?"
बैलवाले तोवर जेवायला बसले होते.
"राहू दे," ती म्हणाली.
खड्ड्यात तापलेल्या दगडांवर शिंपले, बटाटे, डुकराचं मांस,
वर छत्रीएवढी पानं, आणि वाफ.
एका म्हाताऱ्याने मला बघून विचारलं, "हा कुणाचा?"
रुदेसिंदोच्या तोंडात घास होता.
त्याने नुसतं घराकडे बोट केलं,
जसा काही मी घरालाच झालो होतो.

चमचा अजून आहे, साखरेच्या डब्यात.

कित्येक वर्षं एदेलमिरा रात्री उठली
की जुन्या सवयीने दाराऐवजी भिंतीवर आपटायची.
"दार इकडे!"
तो त्या खोलीतून ओरडे, मी या खोलीतून, एकदमच.
अंधारात ती कुरकुरे,
दोघांतला कोण बोललं ते कळत नाही मेलं.
माझा आवाज तेव्हा नुकताच फुटला होता.