तिसरा मुक्काम : तेर

पितळखोऱ्याच्या पायऱ्यांनी धरलेले गुडघे
अजून सुटले नाहीत,
शर्टाला खरोशाच्या वटवाघळांचा वास.
आज तेर.
गाईड मुजाहिद सांगतोय, इथला माल पार रोमला जायचा;
ड्रायव्हरला हवंय, पुढं डिझेल कुठं मिळंल.

पांढरीच्या उतारावर दैवशाला शेळ्या वळत होती.
एका गाभणीच्या गळ्यात, काळ्या दोऱ्यात,
एकच तांबडा मणी.

मुजाहिदचं वाक्य अर्ध्यात राहिलं.
"दोन हजार वर्षं," तो हळूच म्हणाला,
कुणालाच नाही.
"खुरपताना घावला," ती म्हणाली.
"दिष्ट लागत न्हाई."

आम्ही फोटोसाठी वाकलो.
शेळीनं तेवढ्यात त्याच्या हातातला
उद्याचा कार्यक्रम ओढला
आणि डोळे मिटून चघळत राहिली :
आधी औंढा,
मग चहा,
मग होट्टल.