उसनी माती

वर्षातून दोनदा मी स्क्योरहोल्मेनला जातो.
भिंग पुसतो, बॅटऱ्या तपासतो,
सौर पाट्यांवरची पाणकावळ्यांची शीट खरवडतो.
फॉर्मवर एक रकाना असतो: रहिवासी.
तिथे शून्य.

या मे महिन्यात गुडलाऊग सोबत आली.
वय एक्याऐंशी, जन्म याच खडकावरचा;
सुईण दोन दिवस उशिरा पोचली म्हणे, वादळामुळे.
बोटीतून उतरताना मी हात पुढे केला,
तिने पिशवी दिली.

घर केव्हाच पाडलंय. जोतं तेवढं आहे.
ती मागे गेली, दगडांच्या आडोशाला,
आणि एकटीच हसली.
रुबार्ब अजून उगवतोय,
तांबडे देठ, पानं मुठीसारखी मिटलेली.
शेजारी बदकीण अंड्यांवर बसलेली,
हललीसुद्धा नाही.

"इथे मातीच नव्हती रे.
बाबांनी अकरा पोती आणली वल्हवत,
आस्लाकच्या शेतातून, उसनी.
आई मरेस्तोवर म्हणायची, परत करायचीय.
जशी काही वाटीभर साखर."

मी वर गेलो. दिवा आता
आपला आपण लागतो, आपला आपण विझतो.
खाली आलो तर ती गुडघे टेकून
बिस्किटांच्या डब्यात माती भरत होती,
चमच्याने.

आस्लाकच्या शेतात आता फेरीच्या गाड्या रांगेत थांबतात,
सगळं डांबर.
हे मी सांगितलं नाही. तिला ठाऊक असणारच.
डबा मांडीवर, झाकणावर दोन्ही हात,
वाऱ्याकडे पाठ.
"बाकीची पुढच्या खेपेला," एवढंच म्हणाली.

रात्री फॉर्म भरायला घेतला.
रकान्यात बदकीण लिहिली,
मग खोडली.