उजवी बाजू

चाळीसगावहून धुळ्याला गाडी सुटते
ती नाकासमोर, उत्तरेला.
सकाळचे सात वाजून वीस.
वैशाखात या वेळेला कोवळी म्हणत नाहीत.

माझ्या गळ्यात कंपनीचं ओळखपत्र, मांडीवर पाटी,
पाटीला अडकवलेला तक्ता:
चढले किती, उतरले किती, तिकीट की पास,
आणि तळाशी जाड अक्षरात
हलकी रेल्वे झाल्यास आपण वापराल का?

हलकी म्हणजे?
जामद्याला चढलेले धुडकू अप्पा विचारतात.
वजनाला हो, मी म्हणतो.
डबे छोटे, दर पंधरा मिनिटांनी, आत थंड हवा.
अप्पा खिडकीचा गज बोटाने वाजवून बघतात.
‘मंग हाई गाडी जड शे का?’
मी ‘सांगता येत नाही’वर खूण करतो.

त्यांना पत्रक दाखवतो.
वाळवंटातलं कुठलंसं भलंमोठं शहर,
मधोमध उत्तर-दक्षिण रूळ, बाजूंना खजूर,
काचेच्या डब्यात इस्त्रीची माणसं.
अप्पा बराच वेळ बघतात.
‘तठे ऊन नही पडत का?’
तेव्हा मलाही दिसलं,
चित्रात कुणालाच सावली नव्हती.

उत्तरेला तोंड करून उभे राहा,
पूर्व तुमच्या उजव्या हाताला,
चौथीच्या भूगोलात पाठ केलेलं
इथे सगळ्यांना अंगाने ठाऊक.
डावीकडे बाकाबाकावर चार-चार,
दुधाच्या किटल्या, आयटीआयची पोरं, कुणाच्या मांडीवर कुणाचं पोर.
उजवीकडे तापलेलं रेक्झिन
आणि एकटी कौतिकताई.

‘बठ ना भाऊ, तठे गर्दी शे.’

वय त्रेपन्न. पास. प्रवासाचं कारण: नोकरी.
दवाखान्याच्या रक्तपेढीत पिशव्यांवर चिठ्ठ्या चिकटवते.
शीतखोलीत. बावीस वर्षं.
बोटं दुपारपर्यंत दुसऱ्याची होतात, म्हणाली,
चिठ्ठी चिकटली की नाही ते डोळ्यांनी बघावं लागतं.
म्हणून येताजाता ती हात बाहेर ठेवते,
कोपरापर्यंत, गजांमधून,
पापड वाळत घालावा तसा.
मी शेवटचा प्रश्न वाचला.
तिने उलट विचारलं,
‘तिनी खिडकी उघडस का?’

पत्रकात शोधलं. पान उलटलं.
राजमाने गेलं. मोरदड तांडा गेलं.
रुळालगत काळी ढेकळं, नांगरून उताणी पडलेली,
बोअरवर एक निळी टाकी, तिच्याखाली तीन शेळ्या
टाकीएवढ्याच सावलीत पाय दुमडून.
उत्तर सापडलं नाही.

संध्याकाळी गाडी दक्षिणेला फिरली.
मी शहाणपणा केला, बाजू बदलली.
आणि कौतिकताई हसली,
कारण गाडीने तोंड फिरवलं होतं आणि दिवसानेही.
ऊन पुन्हा उजवीकडेच.
तिचा तो हात शेंगदाण्याच्या टरफलासारखा भाजलेला,
डावा मात्र कुणा धाकट्या बहिणीचा असावा तसा.
दोन्ही मांडीवर शेजारी ठेवून
ती शिरूडपर्यंत झोपली.

अकरा दिवस मोजलं.
‘इतर शेरे’च्या रकान्यात रोज तेच लिहिलं:
ऊन उजव्या बाजूने येतं. दोन्ही वेळा.
पुण्याहून साहेबांचा फोन आला,
अहो, ही तक्रार समजायची की सूचना?
बोरविहीरला रेंज जाते.
ती जाईपर्यंत मी गप्प राहिलो.

आता तक्ता त्यांच्याकडे आहे, आकडे चांगले आले म्हणे.
माझ्या उजव्या हाताचं कातडं मनगटापासून सोलतंय,
आणि डाव्या तळव्यावर, पाटी धरायचो तिथे,
एक चौकोन अजून पांढरा आहे.