चार वाजून बारा मिनिटं

कारागांडाच्या केंद्रात माझं काम साधं होतं.
वरून आलेले आकडे तपासायचे,
दशांशचिन्हापुढची सात घरं,
आणि खाली सही.

वर, चारशे किलोमीटरवर,
अकमारल तोक्तारकिझी संगणक वाढवत होती.
‘बनवत होती’ म्हटलेलं तिला चालायचं नाही.
काचेच्या बारा हंड्या, हंडीत एकेक धागेदार गोळा,
बुरशीचा म्हणा, मेंदूचा म्हणा,
खरं तर दोन्हींच्या मधलं काहीतरी.
जमिनीवर हेच बी लावलं तर
गोळा आपल्याच वजनाने बसायचा,
फसलेल्या पावासारखा,
आणि साधी बेरीजही विसरायचा.
तिथे वर-खाली नव्हतंच,
म्हणून तो सगळ्या दिशांना सारखाच हट्टी.

नावं तिने घोड्यांच्या रंगांवरून ठेवली:
अबलख, कुमाईत, जरदा…
आमच्या गवताळ मुलखात घोड्यांच्या रंगांना जेवढे शब्द आहेत
तेवढे आभाळालाही नाहीत,
आणि आभाळ तर एवढं मोठं.

रोज चार वाजून बारा मिनिटांनी
साखरपाण्याचा एकेक थेंब.
तो पडायचा नाही, नुसता निघायचा,
पोचेपर्यंत थरथरत राहायचा.
ती वाढायची, ते वाढायचे.
एका क्रियापदात दोघांचं भागायचं.

कामही बिकट: फुटक्या उपग्रहांचे तुकडे
उद्या कुठे असतील, कोण कोणाला छेदेल.
अबलख सांगायचा तो क्षण
आमच्या यंत्रांना दोन दिवसांनी सापडायचा.

जुलैत तिचा बाप गेला.
उलिताऊच्या पायथ्याशी, घोड्यांच्या दावणीजवळ,
दुधाची बादली न सांडता खाली ठेवून.
निरोप मीच वाचला.
दोनदा वाचला,
कारण पलीकडून काहीच आलं नाही.
त्या दिवशी थेंब चाळीस मिनिटं उशिरा निघाला.

दुसऱ्या दिवशी थेंब वेळेवर होता.
अबलखाने तो घेतला नाही.
चाळीस मिनिटं एकही आकडा नाही,
मग जिथे सोडलं होतं तिथून पुढे,
सातव्या घरापर्यंत अचूक.
तिसऱ्या दिवशी कुमाईत.
आठवडाभरात बाराही.

मी नोंद केली: दोष.
पगारच त्याचा होता.
तिने माझ्या नोंदीखाली लिहिलं:
आमच्याकडे चाळीस दिवस पाळतात.
यांना मिनिटंच परवडतात.

वरच्यांना हे पटलं नाही.
हुकूम गेला: हंड्या रिकाम्या करा,
धुवा, नवं बी लावा.
‘रिकाम्या केल्या,’ तिने कळवलं.
पुढे उलिताऊला गेलो तेव्हा
तिच्या भावाने मला कुमिस पाजलं
आणि कातडी पिशवी रिकामी करून दाखवली,
बाप करायचा तशी.
तळाशी ओंजळभर राहिलंच होतं.
मी म्हटलं, अजून आहे की.
तो हसला.
ते विरजण. ते कोणी ओततं का?

अकरा वर्षं झाली.
त्याच वंशातले गोळे आता
बल्खाशची वीज वाटतात, गाड्यांना रूळ देतात,
आणि रोज चार-बाराला
चाळीस मिनिटं गप्प बसतात.
नव्या पोरांनी वेळापत्रकात रकाना पाडलाय: देखभाल.
सिग्नल तेवढा वेळ माणसं सांभाळतात.
केंद्रात दूध घालून चहा होतो,
कोणी मोठ्याने बोलत नाही,
का ते कोणाला ठाऊक नाही.

काल नवी आलेली सामाल विचारत होती,
नक्की कसली देखभाल होते हो, या वेळात?
मी घड्याळ बघितलं. चार-एकतीस.
म्हटलं, बस.
चहा निवतोय.